शेऱ्याचा रकाना

गठ्ठा आला माझ्याच फेरीतून, धोपाव्याहून दाभोळला,
बर्फाच्या टेम्पोत, लाद्यांना टेकून.
धक्क्यावर उतरवला तेव्हा खालची सुतळी ओली
आणि वरच्या पुस्तकाला हलका बांगड्याचा वास.
प्रकाशकाला काय कळवणार.

बावीस पुस्तकं. अनुदान दोन वर्षांनी मिळालेलं.
शिक्का मारते पहिल्या पानावर, सतराव्यावर, शेवटच्यावर.
दाखल क्रमांक, नाव, पानं, किंमत, विषय.
विषयाचा रकाना अंगठ्याएवढा.
संघर्ष, मी लिहिते.
खाली परत संघर्ष.
महत्त्वाकांक्षा मावत नाही, म्हणून ‘महत्त्वा.’
प्रेम मावतं.
साहस या खेपेला एकच:
कुणी एकटा माणूस, शिडाची होडी, अख्खा महासागर.

मलपृष्ठांवर सगळेच शून्यातून वर आलेले.
शून्य माझ्या ओळखीचं आहे,
वीस तारखेनंतर पासबुकात मुक्कामाला असतं.
त्यातून निघायची वाट साधारण पान दोनशेला सापडते
हे मात्र मला नवीन.

‘महत्त्वा.’ नेलं अन्वर होडेकरने,
बर्फ कारखान्यात रात्रपाळीला.
पहाटे पाचला उठणारेच पुढे जातात, असं त्यात आहे म्हणे.
हा पाचला झोपतो.
विचारत होता, ताई, उलट्या बाजूने धरलं तर चालेल का?
मी म्हटलं, वाच तर आधी.

प्रेम गेलं वासंती भुवडकडे.
फेरीवर तिकिटं फाडते ती.
मुदत सात दिवसांची, आज एकेचाळिसावा.
रोज संध्याकाळी मी पलीकडे जाते, ती सुट्टे देते,
पुस्तकाचा विषय दोघीही काढत नाही.
पैशांच्या डब्याखाली ते दिसतं मला,
आणि त्यातून डोकावणारी खूण, जुन्या तिकिटाची.
खूण रोज जराशी सरकते.
गेल्या आठवड्यात तीन दिवस सरकली नाही.
कुठल्या पानावर अडली असेल ते मला ठाऊक आहे.
शिक्के मारायचे सोडून
मीही तिथेच बसून राहिले होते.

साहस तिसऱ्या दिवशी परत आलं.
धाकू पालशेतकर, जुने तांडेल,
एका डोळ्याचं ऑपरेशन झालेलं, दुसऱ्याचं व्हायचंय.
पुस्तक टेबलावर ठेवलं, त्यावर वीस रुपये.
‘कसले हो?’
त्यांनी भिंतीवरच्या पाटीकडे बोट केलं:
पुस्तकात लिहिल्यास दंड रुपये दहा.
‘मग हे वीस का?’
‘दोन जाग्यावर लिवलंय.’

पान एक्क्याण्णव. समासात पेन्सिलीने, शाळकरी अक्षरात:
या वाऱ्यात शीड असं धरीत नाहीत. होडी उलटेल.

दुसरं शेवटच्या पानावर.
तिथे तो माणूस किनाऱ्याला लागतो,
बंदरावर गर्दी, फुलं, कॅमेरे, आणि पुस्तक संपतं.
खाली, शिक्क्याच्या अंगावरून गेलेलं:
घरची माणसं किती दिवस वाट बघत होती ते राहिलं.

मी वर बघितलं तर ते पायऱ्या उतरून
चपला शोधत होते.
बाहेर जाऊन एक दहाची नोट परत दिली.
म्हटलं, दंड चुकीला नाही, लिहिण्याला आहे,
पण हे दुसरं मला दिसलंच नाही.
‘माझं एक डोलं ग्येलंय, तुमचं बी ग्येलं काय?’
असं म्हणून नोट खिशात घातली.

शेऱ्याच्या रकान्यात मी आजवर दोनच शब्द लिहिलेत,
जीर्ण आणि गहाळ.
आज लिहिलं: वाचकाने दुरुस्त केले.
तपासनीस आले तर विचारतील.
येऊ देत.

सहाची फेरी भरतीवर होती, फळी उंच लागली.
वासंतीने तिकीट फाडलं, चार रुपये परत दिले,
आणि पहिल्यांदाच म्हणाली,
‘उद्या आणून देते. दंड किती झाला?’
खूण दिसत नव्हती कुठेच.
मी मनात हिशेब केला, मग सोडून दिला.
अजून नऊ पुस्तकांना शिक्के मारायचेत.